पाच गुंठ्यांवरून मंडळाचा उतारा

वाशीम जिल्ह्याच्या मालेगाव तालुक्यातील किन्हीराजा हे महसूल मंडळाचे, म्हणजे अनेक गावांच्या महसुली गटाचेही ठिकाण आहे आणि पीक विमा आल्यापासून या परिसरातील सोयाबीन उत्पादकांच्या बोलण्यात मंडळाचा उल्लेख गावाच्या उल्लेखाइतकाच येऊ लागला आहे. त्याचे कारण असे की विम्याची भरपाई ठरवताना एकेकट्या शेतकऱ्याला किती पोती झाली हे पाहिले जात नाही. संपूर्ण मंडळाचा सरासरी उतारा किती निघाला हे पाहिले जाते. तो उतारा काढण्यासाठी कापणीच्या दिवसांत काही निवडक शेतांत दोरी किंवा टेप लावून, चार कोपऱ्यांवर खुंट्या ठोकून एक आयताकृती तुकडा आखला जातो, त्यातले पीक कापून, मळून, काट्यावर तोलले जाते आणि आकडा नोंदवला जातो. यालाच पीक कापणी प्रयोग म्हणतात.

कोडे आहे ते या तुकड्यांच्या संख्येत आणि आकारात. पंतप्रधान पीक विमा योजना २०१६च्या खरिपापासून सुरू झाली, तेव्हाच्या केंद्रीय मार्गदर्शक सूचनांत मंडळासारख्या क्षेत्रासाठी एका पिकाचे किमान १० प्रयोग सांगितले होते. पीक आणि राज्य यांनुसार तुकड्याचे माप बदलते, पण १० मीटर बाय ५ मीटर हे एक प्रचलित माप धरल्यास १० तुकडे मिळून ५०० चौरस मीटर, म्हणजे जेमतेम पाच गुंठे होतात. मंडळात ५,००० हेक्टर सोयाबीन असेल, तर हे पाच गुंठे म्हणजे पेऱ्याचा लाखावा भाग झाला. एवढ्याशा तुकड्यावरून सगळ्या मंडळाचे भवितव्य कसे ठरते, हा प्रश्न पारावर विचारला जातो तेव्हा त्यात संशय असतो आणि तो संशय अगदीच निराधार नाही. मात्र त्याचा रोख बहुधा चुकीच्या जागी असतो. या प्रश्नाचे उत्तर उच्च गणिताच्या दोन पुस्तकांत आहे. दोन्ही १९५४मध्ये प्रसिद्ध झाली आणि दोन्हींमागे मराठी माणसे होती.

नजरअंदाजाकडून मोजणीकडे

पीक किती आले हे ठरवण्याची जुनी सरकारी पद्धत आणेवारीची होती. पुढे तिचीच पैसेवारी झाली. गावकामगारांनी आणि अधिकाऱ्यांनी पीक नजरेखालून घालायचे आणि 'चांगल्या' वर्षाच्या तुलनेत ते किती आण्यांचे आहे हे सांगायचे, असा तिचा मूळ घाट होता. अनुभवी माणसाची नजर कमी लेखण्याचे कारण नाही, पण दोन माणसांची नजर सारखी नसते आणि शेतसाऱ्यात सूट द्यायची की नाही हे त्याच नजरेवर अवलंबून असल्यामुळे अंदाजाला सोयीचे वळण लागण्याची भीती कायम राहते. याहून मोठी अडचण म्हणजे असा अंदाज किती चुकू शकतो, हे सांगण्याचे कोणतेच साधन त्या पद्धतीत नव्हते.

बिहार-ओरिसात जे. ए. हबॅक या सनदी अधिकाऱ्याने १९२३च्या सुमारास भाताच्या शेतांत चिठ्ठी टाकल्यासारख्या निवडीने लहान तुकडे कापून उतारा मोजायला सुरुवात केली. पुढे कलकत्त्याच्या भारतीय सांख्यिकी संस्थेचे संस्थापक प्रशांतचंद्र महालनोबिस यांनी बंगालमध्ये ताग आणि भात यांची मोठी नमुना-सर्वेक्षणे केली. १९४३च्या बंगालच्या दुष्काळानंतर तर देशात धान्य किती पिकते हे नेमके ठाऊक असणे ही जीवनमरणाची बाब बनली.

याच काळात पांडुरंग वासुदेव सुखात्मे हे दिल्लीच्या कृषी संशोधन परिषदेत सांख्यिकीचे काम पाहत होते. सातारा जिल्ह्यातील बुध येथे १९११मध्ये जन्मलेले सुखात्मे पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयातून पदवी घेऊन लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजात गेले आणि तेथे येर्झी नेमन आणि एगॉन पिअर्सन यांच्या सहवासात नमुना निवडीचे गणित शिकले. नेमन यांचा या विषयातला पायाभूत निबंध १९३४चा. त्याच्या पुढचा धागा पकडणारा सुखात्म्यांचा निबंध लगेच १९३५मध्ये आला. दुसरीकडे इंदूरच्या संशोधनसंस्थेत कापसावर काम करणारे वि. गो. पानसे यांनी सहकारी कळमकर यांच्यासह १९४०च्या दशकाच्या आरंभी मध्यप्रांत-वऱ्हाडातील कापसाच्या उताऱ्यासाठी नमुना-सर्वेक्षणाची पद्धत लावून पाहिली. आजचा वाशीम जिल्हा तेव्हा अकोला जिल्ह्यात होता (तो १९९८मध्ये वेगळा झाला) आणि अकोला हा वऱ्हाडाचा भाग होता. म्हणजे किन्हीराजा परिसरात आज जी रीत सोयाबीनला लावली जाते, तिची एक मोठी चाचणी वऱ्हाडाच्याच कपाशीवर झाली होती.

या अनुभवातून १९५४मध्ये पानसे आणि सुखात्मे यांचे कृषी क्षेत्रातील कार्यकर्त्यांसाठीच्या सांख्यिकी पद्धतींवरचे पुस्तक भारतीय कृषी अनुसंधान परिषदेने प्रसिद्ध केले आणि त्याच वर्षी नमुना-सर्वेक्षणाच्या उपपत्तीवरचा सुखात्म्यांचा स्वतंत्र ग्रंथ अमेरिकेतून निघाला. पहिले पुस्तक वापरणाऱ्याचे, दुसरे सिद्धता मागणाऱ्याचे. दोन्ही इंग्रजीत असल्यामुळे ती ज्यांच्या शेतांबद्दल आहेत त्यांच्यापैकी फारच थोड्यांच्या हाती पडली, आणि या गणिताची मराठीत नीट मांडणी करण्याचे काम अजून बरेचसे शिल्लक आहे.

चार शेतांचा हिशेब

या ग्रंथांतील मुख्य कल्पना चार शेतांवर पडताळून पाहता येते. एखाद्या गावात सोयाबीनची चारच शेते आहेत आणि त्यांचा एकरी उतारा अनुक्रमे ४, ६, ८ आणि १० क्विंटल आहे असे धरल्यास खरी सरासरी ७ क्विंटल येते. चारही शेते मोजण्याची सोय नसून फक्त दोनच मोजायची असतील, तर दोन शेतांच्या शक्य तेवढ्या जोड्या सहा होतात आणि त्यांच्या सरासऱ्या ५, ६, ७, ७, ८ आणि ९ अशा येतात. यातली कोणती जोडी हाती लागेल हे नशिबावर सोडले, तर उत्तर कधी कमी येईल, कधी जास्त. पण या सहाही उत्तरांची सरासरी काढली तर ती पुन्हा बरोबर ७ येते. चूक होते, पण ती एकाच बाजूला झुकत नाही. गणितात अशा अंदाजाला निःपक्ष अंदाज म्हणतात.

दुसरी गोष्ट अधिक महत्त्वाची आहे. एकच शेत मोजले असते तर उत्तर ४ ते १० यांच्यामध्ये कुठेही पडले असते. दोन शेतांत ते ५ ते ९ यांच्यामध्ये पडते. तीन शेते घेतली तर सरासऱ्या ६, ६.६७, ७.३३ आणि ८ अशा येतात, म्हणजे पसारा ६ ते ८ एवढाच उरतो. एका शेतातला तुटवडा दुसऱ्यातल्या वाढाव्याने काही अंशी भरून निघतो आणि जितकी शेते जास्त तितकी ही भरपाई पुरती होत जाते. चाराऐवजी चार हजार शेते असली तरी हिशेबाची जात बदलत नाही.

आता त्या दोन शेतांची निवड नशिबावर न सोडता सोयीवर सोडली, आणि चांगल्या पिकाची शेते डांबरी रस्त्याला लागून असल्यामुळे मोजणारा दरवेळी तिथेच थांबला, तर उत्तर दरवेळी ९ येईल. ही चूक शंभरदा मोजूनही कमी होणार नाही, कारण ती मुळात निवडीत शिरलेली आहे. सुखात्म्यांच्या गणिताचा सगळा डोलारा या एका अटीवर उभा आहे: प्रत्येक शेताला निवडले जाण्याची संधी आधीच ठरलेली आणि माहीत असली पाहिजे आणि निवड करणाऱ्याच्या मनाचा त्यात हात नसला पाहिजे.

शितावरून भाताची परीक्षा कधी होते

शितावरून भाताची परीक्षा होते हे खरे, पण ती होते कारण पातेल्यातले सगळे पाणी सारखे उकळलेले असते आणि पळी फिरवलेली असते. खालचा भात लागला आणि वरचा कच्चा राहिला असेल, तर वरचे शीत दाबून पाहणारा फसतो. मंडळ हे असे न ढवळलेले पातेले आहे. एका धुऱ्याच्या अलीकडे भारी काळी जमीन, पलीकडे बरड. एका गावात ऑगस्टच्या खंडात विहिरीचे पाणी मिळाले, शेजारच्या गावात नाही. एकाने जूनमध्ये पेरले, दुसऱ्याला दुबार पेरावे लागले. हे पातेले ढवळता येत नाही, म्हणून शीत उचलणारा हातच फिरता ठेवायचा, हा नमुनाशास्त्राने काढलेला तोडगा आहे. त्याला यादृच्छिक निवड म्हणतात.

माणसाला 'मनाला येईल तो आकडा सांग' म्हटले की तो खरोखर मनाला येईल तो आकडा सांगत नाही. काही आकडे त्याला आवडतात, काही तो टाळतो. म्हणून आकडे छापून ठेवावे लागतात. एल. एच. सी. टिपेट यांनी १९२७मध्ये जनगणना अहवालांतून उचललेल्या ४१,६०० अंकांचे कोष्टक छापले. वरवर पाहता ते निरर्थक अंकांचे पुस्तक होते, तरी देशोदेशीच्या सर्वेक्षकांनी ते हाताशी ठेवले. आता हेच काम संगणक करतो.

पीक कापणी प्रयोगात ही निवड टप्प्याटप्प्याने होते. आधी त्या क्षेत्रातली गावे निवडली जातात, मग प्रत्येक निवडलेल्या गावात ते पीक असलेली साधारणतः दोन शेते आणि शेवटी प्रत्येक शेतात तुकड्याची जागा. शेताच्या नैर्ऋत्य कोपऱ्यावर उभे राहून लांबी आणि रुंदी मोजायची, यादृच्छिक आकड्यांच्या जोडीतून इतके मीटर लांबीच्या बाजूने आणि इतके रुंदीच्या बाजूने चालायचे आणि जिथे पाय थांबेल तिथे पहिली खुंटी ठोकायची, असा नियम आहे. तिथे पीक दाट असो, पाण्याने पिवळे पडलेले असो की तणाने भरलेले असो, खुंटी हलवायची नाही. शेतकऱ्याने 'इथं काहीच नाही, त्या तासांत लावा' म्हणणे आणि कर्मचाऱ्याने ऐकणे हे जितके चुकीचे, तितकेच विमा कंपनीच्या प्रतिनिधीने दाट पिकाकडे बोट दाखवणे आणि कर्मचाऱ्याने तेही ऐकणे चुकीचे. प्रयोगाच्या जागेचे अक्षांश-रेखांश आणि छायाचित्रे मोबाइलवरील अ‍ॅपमधून नोंदवण्याची पद्धत आली, ती याच खुंटीवर पहारा ठेवण्यासाठी.

कडेवरच्या झाडांचा वाद

तुकडा केवढा असावा हा प्रश्न किरकोळ वाटतो, पण स्वातंत्र्याच्या आसपासच्या वर्षांत भारतातले दोन नामवंत सांख्यिक त्यावरून एकमेकांशी भिडले. महालनोबिस यांचा कल लहान, वर्तुळाकार तुकड्यांकडे होता. मध्ये खुंटी, तिला दोरी, आणि एक फेरी मारली की काम झाले. तुकडा लहान असल्याने तेवढ्याच खर्चात पुष्कळ शेते होतात आणि वर पाहिल्याप्रमाणे शेते वाढली की चूक घटते. सुखात्म्यांनी प्रत्यक्ष शेतांवर वेगवेगळ्या मापांचे तुकडे शेजारी शेजारी कापून दाखवले की तुकडा जितका लहान, तितका उतारा खऱ्याहून जास्त निघतो. त्यांचे हे निष्कर्ष १९४६मध्ये 'नेचर' या नियतकालिकात आले.

उतारा फुगतो तो कडेवर. दोरी जिथून जाते तिथे काही झाडे बरोबर रेषेवर येतात, काहींचा बुंधा बाहेर पण फांद्या आत असतात आणि कापणाऱ्याचा विळा अशा संशयास्पद झाडांना बहुतेक वेळा आतच ओढतो. यात लबाडी नसते. कापायला बसलेल्या माणसाला झाड सोडण्यापेक्षा घेणे सोपे जाते, इतकेच. या ओढीमुळे तुकड्याभोवती फक्त ५ सेंटिमीटरची पट्टी जादा कापली जाते असे धरून हिशेब मांडता येतो. १० बाय ५ मीटरचा तुकडा मग १०.१ बाय ५.१ मीटरचा होतो, म्हणजे ५० ऐवजी ५१.५१ चौरस मीटर, आणि फुगवटा ३ टक्के येतो. ५ बाय ५ मीटरच्या तुकड्यात तो ४ टक्के होतो, १ मीटर चौरसात २१ टक्के, आणि दोन फूट त्रिज्येच्या वर्तुळात जवळजवळ १७ टक्के. आकार वाढला की आतले क्षेत्र वर्गाच्या प्रमाणात वाढते, पण कड फक्त लांबीच्या प्रमाणात वाढते. म्हणून मोठ्या तुकड्यात कडेचा दोष विरघळतो आणि लहान तुकड्यात तो राज्य करतो. परिमिती आणि क्षेत्रफळ यांचे हे नाते शाळेतल्या भूमितीचेच आहे, पण त्याचा परिणाम देशाच्या धान्यकोठाराच्या हिशेबावर होत होता.

मग तुकडा मोठ्यात मोठा का घेऊ नये? कारण मोठा तुकडा कापणे, मळणे आणि वाळवून पुन्हा तोलणे यांत दिवस जातो आणि तेवढ्या मजुरीत एखादे नवे शेत करता आले असते. शेताशेतांतला फरक हा एकाच शेतातल्या जागाजागांमधल्या फरकाहून सहसा मोठा असतो, त्यामुळे एकाच शेतात जास्त कापून विशेष हाती लागत नाही. महालनोबिस यांचेही म्हणणे असे होते की ठरावीक मापापलीकडे गेल्यावर आणि कर्मचारी नीट शिकवलेले असल्यावर कडेचा दोष नगण्य होतो, आणि ते सर्वस्वी चूक नव्हते. वादाचा मागमूस अजून शेतात दिसतो: पश्चिम बंगालमध्ये वर्तुळाकार तुकड्याची, उत्तर प्रदेशात त्रिकोणी तुकड्याची आणि इतर बहुतेक राज्यांत चौरस किंवा आयताची रीत टिकून राहिली. पण या वादाने एक भेद कायमचा स्पष्ट केला. एका प्रकारची चूक नमुने वाढवल्याने कमी होते, दुसऱ्या प्रकारची कितीही नमुने घेतले तरी तशीच राहते, आणि कोणती चूक कोणत्या प्रकारची हे ओळखल्याशिवाय नुसती प्रयोगांची संख्या वाढवण्याची मागणी अर्धवट ठरते.

वर्गमूळाचा जाच

नमुने वाढवल्याने चूक घटते, पण किती घटते? शेतांच्या उताऱ्यांचा सरासरीभोवतीचा पसारा मोजणाऱ्या संख्येला प्रमाण विचलन म्हणतात. मंडळातल्या शेतांच्या उताऱ्यांचे प्रमाण विचलन सरासरीच्या ४० टक्के आहे असे गृहीत धरले, आणि त्या शेतांतली काही यादृच्छिक रीतीने निवडली, तर त्या शेतांच्या सरासरीतली चूक मूळ पसाऱ्याला नमुनासंख्येच्या वर्गमूळाने भागल्याएवढी राहते. हिला प्रमाण त्रुटी म्हणतात.

┌──────────
चौकट : प्रयोग वाढवले तर चूक किती घटते
(शेताशेतांतला पसारा सरासरीच्या ४० टक्के धरून)
१ प्रयोग : प्रमाण त्रुटी ४० टक्के
४ प्रयोग : २० टक्के
१० प्रयोग : सुमारे १३ टक्के
२५ प्रयोग : ८ टक्के
१०० प्रयोग : ४ टक्के
४०० प्रयोग : २ टक्के
चूक निम्मी करायची तर प्रयोग चौपट करावे लागतात.
└──────────

या हिशेबात मंडळाचे क्षेत्रफळ कुठेही आलेले नाही, हे लक्षात घेण्यासारखे आहे. सूत्राच्या पूर्ण रूपात 'एकूण क्षेत्रापैकी किती भाग कापला' हा घटक असतो, पण तो लाखावा भाग असो की हजारावा, त्याने उत्तरात जाणवण्याजोगा फरक पडत नाही. पारावरचा संशय इथे चुकतो: पाच गुंठे हे पाच हजार हेक्टरांच्या मानाने क्षुल्लक आहेत म्हणून अंदाज कच्चा, असे म्हणता येत नाही. जिल्ह्यातील ४० मंडळांत प्रत्येकी १० प्रयोग झाले, तर ४०० प्रयोगांवरून जिल्ह्याचा उतारा २ टक्क्यांच्या आसपासच्या त्रुटीने कळतो, आणि तेवढ्याने राज्यात सोयाबीन किती पिकले हे सांगण्याचे काम उत्तम होते. १९४० आणि १९५०च्या दशकांत ही पद्धत बसवली गेली ती जिल्हा आणि राज्य पातळीवरच्या अंदाजांसाठीच.

विम्याने मात्र तीच पद्धत मंडळापर्यंत खाली आणली, आणि तिथे वर्गमूळ आडवे येते. १० प्रयोगांची प्रमाण त्रुटी १३ टक्क्यांच्या घरात आहे, पण तेवढ्यावर भागत नाही. नमुना इतका लहान असला की पसाराही त्याच १० आकड्यांवरून काढावा लागतो आणि तोही चुकू शकतो. डब्लिनच्या गिनेस मद्यनिर्मिती कंपनीत काम करणारे विल्यम गॉसेट यांनी १९०८मध्ये 'स्टुडंट' या टोपणनावाने या अडचणीवरचे गणित मांडले; बार्लीच्या आणि बिअरच्या लहान नमुन्यांसाठी तयार झालेले ते कोष्टक पानसे-सुखात्मे यांच्या पुस्तकातून कृषी विद्यापीठांत पोहोचले. त्यानुसार २० पैकी १९ वेळा बरोबर ठरेल असा पल्ला सांगायचा, तर १० प्रयोगांसाठी प्रमाण त्रुटीची २.२६ पट घ्यावी लागते. म्हणजे मंडळाचा खरा उतारा हेक्टरी १,००० किलो असेल, तर प्रयोगांतून निघणारा आकडा सुमारे ७१५ पासून १,२८५ पर्यंत कुठेही असू शकतो, आणि त्यात कोणाचाही दोष नसतो.

त्यातही दोन-दोन शेते एकाच गावातली असतात. एका गावावर एकच पाऊस पडतो, एकच कीड फिरते; त्यामुळे ती दोन शेते एकमेकांसारखी असण्याचा संभव जास्त, आणि दुसरे शेत पहिल्याहून फारसे नवे काही सांगत नाही. हे साधर्म्य बेताचे, म्हणजे ० ते १ या मापावर ०.३ एवढे धरले, तरी पाच गावांतली १० शेते सुटसुटीत निवडलेल्या जेमतेम ८ शेतांच्या मोलाची उरतात. टप्प्याटप्प्याने केलेल्या निवडीचा हा तोटा किती, आणि गावे वाढवून शेते कमी करावीत की उलट, याचे सूत्र सुखात्म्यांच्या ग्रंथात खर्चाच्या हिशेबासह दिलेले आहे. गाव बदलायला प्रवास लागतो, शेत बदलायला लागत नाही. म्हणून उत्तर नेहमीच 'जास्त गावे' असे येत नाही.

उंबरठ्यावर उभे असलेले मंडळ

विम्याच्या सूत्रात मागील ७ वर्षांतली सर्वांत चांगली ५ वर्षे घेऊन त्यांच्या उताऱ्यांची सरासरी काढतात आणि तिला जोखीमस्तराने, म्हणजे त्या सरासरीच्या किती टक्क्यांची हमी विमा देतो त्या प्रमाणाने, गुणतात. येणाऱ्या आकड्याला उंबरठा उत्पादन म्हणतात. उदाहरणादाखल ७ वर्षांचे उतारे हेक्टरी १,४००, १,२५०, ६००, १,५००, १,३००, ८०० आणि १,०५० किलो असतील, तर ६०० आणि ८०० ही दोन वर्षे वगळून उरलेल्यांची सरासरी १,३०० येते आणि ७० टक्के जोखीमस्तराने उंबरठा ९१० वर ठरतो. यंदाचा मंडळाचा उतारा ७२८ निघाला, तर तुटवडा १८२, म्हणजे उंबरठ्याच्या २० टक्के. भरपाई विमा संरक्षित रकमेच्या २० टक्के.

आता एखाद्या मंडळाचा खरा उतारा नेमका ९१० आहे असे समजावे. त्याला काहीही देय नाही. पण १० प्रयोगांचा आकडा अर्ध्या वेळा ९१०च्या खाली पडेल आणि तेव्हा पैसे मिळतील. उरलेल्या अर्ध्या वेळा तो वर पडेल, पण तेव्हा शेतकऱ्याकडून काही परत घेतले जात नाही. चार शेतांच्या उदाहरणात चुका एकमेकींना खोडून काढत होत्या. इथे तसे होत नाही, कारण सूत्र एका बाजूला तुटलेले आहे. १३ टक्क्यांच्या त्रुटीने अशा मंडळाला सरासरीने संरक्षित रकमेच्या सुमारे ५ टक्के निष्कारण मिळतात आणि त्याचा बोजा अखेर विमा हप्त्यावर येतो. उलट खरा उतारा ८०० असलेल्या, म्हणजे सुमारे १२ टक्के भरपाईचा हक्क असलेल्या मंडळात प्रयोग दैवयोगाने वर पडले, तर हक्क असूनही हाती काही येत नाही. एका वर्षी एका मंडळात बसणारा हा फटका दुसऱ्या मंडळातल्या लाभाने भरून निघतो हे हिशेबात ठीक आहे. ज्याचे सोयाबीन गेले त्याला ते समजावून सांगणे कठीण आहे.

याहून निराळी तक्रार म्हणजे स्वतःच्या शेतात काहीच झाले नाही, तरी मंडळाचा उतारा बरा निघाल्यामुळे विमा नाकारला जाण्याची. ही नमुन्याची चूक नसते. सरासरी अचूक असली तरी ती एकेका शेताबद्दल काही बोलत नाही आणि ४० टक्के पसारा असलेल्या मंडळात सरासरीच्या निम्म्याने पिकलेली शेते असणारच. हा दोष गणिताने दुरुस्त होणारा नाही. विम्याचे क्षेत्र मंडळावरून गावावर आणले तर तो थोडा कमी होतो, पण मग प्रत्येक गावात प्रयोग वाढवावे लागतात. महाराष्ट्रात २०२३च्या खरिपापासून एक रुपयात विमा मिळत होता. २०२५च्या खरिपापासून ती सवलत गेली आणि भरपाईचा आधार मुख्यतः पीक कापणी प्रयोगांवर आला. त्यामुळे या १० तुकड्यांवरचा भार पूर्वीपेक्षा वाढला आहे, आणि प्रमाण त्रुटी मंडळवार जाहीर न करता नुसता उतारा जाहीर करण्याची प्रथा आता समर्थनीय राहिलेली नाही. सुखात्म्यांच्या ग्रंथातले कोणतेही अंदाजाचे सूत्र त्याच्या त्रुटीच्या सूत्रावाचून पुरे होत नाही. सरकारी तक्त्यात मात्र दुसरा रकाना नसतो.

बियाण्याच्या पिशवीतले गणित

पानसे-सुखात्मे यांचे पुस्तक शेतकऱ्याकडे आणखी एका वाटेने येते. अकोल्याच्या डॉ. पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठात किंवा परभणीच्या कृषी विद्यापीठात एखाद्या नव्या सोयाबीन वाणाची शिफारस होण्याआधी तो जुन्या वाणांशेजारी पेरून पाहिला जातो, आणि जमिनीच्या एका पट्ट्यात सगळे वाण चिठ्ठ्या टाकून मांडले जातात, म्हणजे भारी जमिनीचा फायदा एकाच वाणाला मिळत नाही. मिळालेला फरक वाणामुळे की जमिनीच्या चढउतारामुळे, हे वेगळे काढण्याच्या रीतीला प्रचरण विश्लेषण म्हणतात. ती रॉथमस्टेड येथे रोनाल्ड फिशर यांनी घडवली आणि भारतातल्या कृषी पदवीधरांच्या पिढ्यांना पानसे-सुखात्मे यांच्या पुस्तकाने शिकवली. महाराष्ट्रातल्या कृषी विषयाच्या प्रबंधांत या दोन नावांचा उल्लेख इतका नेहमीचा आहे की अनेकांना ते एकाच माणसाचे जोडनाव वाटावे.

आकाशातून मिळणारी मदत आणि तिची मर्यादा

प्रयोग चौपट करणे परवडत नसेल, तर दुसरा मार्ग सुखात्म्यांच्या ग्रंथातच आहे. मोजायला महाग असलेल्या गोष्टीशी नाते असलेली एखादी स्वस्त गोष्ट सगळीकडे मोजायची आणि थोड्या ठिकाणी दोन्ही मोजून त्यांचे नाते काढायचे. मग स्वस्त मोजणीच्या आधारे महाग मोजणीचा अंदाज सुधारता येतो. त्या काळी स्वस्त गोष्ट म्हणजे शेतकऱ्याने किंवा पटवाऱ्याने सांगितलेला नजरअंदाज असे, म्हणजे आणेवारीची नजर टाकून न देता तिला मोजणीच्या दावणीला बांधण्याची ही युक्ती होती. आज ती जागा उपग्रहाच्या चित्रांनी घेतली आहे. पिकाचा हिरवेपणा आठवड्या-आठवड्याने कसा चढला आणि उतरला हे चित्रांवरून प्रत्येक शेतासाठी काढता येते. पीक विमा योजनेत २०२३च्या खरिपापासून भात आणि गहू यांच्या उताऱ्यात अशा तंत्राधारित अंदाजाला किमान ३० टक्के भार देण्याचे केंद्राने ठरवले आणि सोयाबीनही या वाटेवर आले आहे.

किती फायदा होईल हे उपग्रह कितीचा आहे यावर ठरत नाही, नाते किती घट्ट आहे यावर ठरते. हे नाते ० ते १ या मापावर मोजतात. ते ०.८ असेल, तर १० प्रयोगांची १३ टक्के त्रुटी ८ टक्क्यांच्या खाली येते, म्हणजे १० प्रयोगांना २८ प्रयोगांचे बळ मिळते. पण ते ०.४ असेल, तर त्रुटी जेमतेम एका टक्क्याने घटते आणि १० प्रयोगांचे १२ होतात, इतकाच लाभ. किन्हीराजा परिसरात हे नाते सैल पडण्याची कारणे जमिनीवरच आहेत. खरिपात शेंगा भरण्याच्या दिवसांत आकाश ढगाळ असते. सोयाबीनच्या तासांमध्ये तूर असते, आणि सोयाबीन पिवळे पडले तरी तुरीची हिरवळ चित्रात राहते. शिवाय कापणीच्या वेळी पाऊस आला, तर शेंगांत कोंब फुटलेले सोयाबीन वरून बऱ्या पिकासारखेच दिसते. त्यामुळे मंडळाच्या उताऱ्यात उपग्रहाचा भार किती ठेवायचा, हे ठरवण्याआधी त्या मंडळातल्या प्रयोगांशी त्याचे नाते दरवर्षी नव्याने मोजावे लागते, आणि त्यासाठीही कोणाला तरी नैर्ऋत्य कोपऱ्यापासून चालत जाऊन खुंटी ठोकावीच लागते.